मास्तरांची बारा पिसे

जबाब देणार: सगळे मला कातरी म्हणतात. वय ५४ वर्षे, जमात शिंगवाले, धंदा केस कापणे, शिंगे तासणे व पिसे नीट करणे, राहणार मधला उतार, दुकानामागची खोली.

मी आज सकाळी साडेनऊ वाजता आपण होऊन ठाण्यात हजर झालो असून ठाणे अंमलदार साहेबांसमोर सांगतो की, मी वरील पत्त्यावर पत्नीसह राहतो. दुकान एकोणीस वर्षांपासून आहे. उताराच्या वरच्या अंगाला आम्ही शिंगवाले राहतो. खाली उतार संपतो तिथे कडा आहे, त्या कड्यालगत पंखवाले राहतात. उतार आम्हाला नांगरायला हवा आहे. पंखवाल्यांना तो मुलांना धावत येऊन उडी घ्यायला हवा आहे, त्याशिवाय त्यांची मुले उडायला शिकत नाहीत. हे भांडण माझ्या जन्माआधीचे आहे. आजवर तीन वेळा मोजणी झाली आणि तिन्ही वेळा हद्द माझ्या दुकानातून गेली. पाठीची खुर्ची आमच्या हद्दीत येते, बिनपाठीचे स्टूल पंखवाल्यांच्या. आरसा सामाईक आहे.

मयत मास्तर पंखवाल्यांच्या शाळेत लहान मुलांना उडायला शिकवत. दर सोमवारी सकाळी ते पिसे नीट करून घ्यायला येत. आमची ओळख धंद्यापुरती होती. या कामाला वीस मिनिटे लागतात. ते साधारण दोन तास बसत.

या बुधवारी उतारावरून झालेल्या लढाईच्या आदल्या आठवड्यात आमच्या तेरा जणांनी माझ्याकडून शिंगांना टोक काढून घेतले. एकदम इतक्या जणांना टोक कशाला हवे, हे मी विचारले नाही.

सोमवारी मास्तर आठ वाजता आले. पंखवाल्यांनी वरून दगड टाकणाऱ्यांची यादी लावली होती, तीत त्यांचे नाव होते. ते म्हणाले, "मला नाही जमणार रे. वरून प्रत्येकाचं तोंड दिसतं." हे ते दुसऱ्याच विषयावर बोलत होते. त्यानंतर मी कात्री घेऊन त्यांच्या दोन्ही पंखांची सहा-सहा मोठी पिसे मास्तरांना न कळता कापली. पिसे कापलेला माणूस यादीत राहत नाही, हे मला माहीत होते. शत्रूचा एक माणूस कमी व्हावा, हा माझा हेतू होता. पिसे चार महिन्यांत परत येतात.

साहेबांनी विचारले की, बारा पिसे कापेपर्यंत माणसाला कळत कसे नाही. माझा हात हलका आहे. दोन्ही बाजू एका मापाच्या कशा, असे विचारल्यावरून सांगतो की, सवयीने. नंतर आम्ही चहा घेतला. माझ्या पत्नीला यातले काही माहीत नाही, ती दुकानात नव्हती. चहा तिने आणून दिला, पण ती दुकानात नव्हती.

बुधवारी सकाळी अकराच्या सुमारास लढाई सुरू झाली. मी दुकानाच्या दारात उभा होतो. आमची दीडशे-दोनशे माणसे वरून धावत आली. उतारावर आमच्या लोकांना एकदा पळायला लागल्यावर थांबता येत नाही. हे म्होरक्यांना माहीत असायला हवे होते. पंखवाल्यांचे दगड मागच्या रांगांत पडले, त्यामुळे मागचे पुढच्यांवर आले आणि सगळा लोंढा कड्याकडे वळला. मी पाठमोरी शिंगे ओळखत होतो.

कड्याच्या टोकाशी मास्तर नऊ मुलांना घेऊन उभे होते. यादीतून नाव गेल्यामुळे त्यांना मुलांकडे ठेवले होते. त्यांनी एकेकाला हाक मारून उडवायला सुरुवात केली. घाई केली नाही. आठ मुले उडाली. नववी मुलगी चार वर्षांची, तिला अजून येत नव्हते. मी ओरडलो. काय ओरडलो ते आठवत नाही. मास्तरांनी तिला छातीशी धरले आणि उडी घेतली.

आमच्या पहिल्या रांगेने जमिनीत शिंगे खुपसून स्वतःला थांबवले. टोके चांगली होती, रुतली. ते कड्यापासून चार पावलांवर थांबले. बारा वाजायच्या आत दोन्ही बाजू घरी गेल्या. उतार सध्या कोणाचा, हे मला सांगता येणार नाही.

मी पायवाटेने खाली गेलो, चाळीस मिनिटे लागली. मास्तर पाठीवर पडलेले होते. मुलगी त्यांच्या अंगावर बसून होती. तिचा हात मोडला होता, बाकी ती ठीक होती. मी मास्तरांचे पंख मिटवले. डावा मिटला नाही.

काल दुपारी चार वाजता मास्तरांच्या पत्नी, म्हणजे वहिनी, दुकानात आल्या. त्यांच्याकडे मयताला कड्यावरून वाऱ्यावर सोडतात. लढाई चुकवायला ज्याने स्वतः पिसे कापून घेतली त्याला वारा देत नाहीत, खड्ड्यात टाकतात. दुसऱ्याने दगा देऊन कापली असतील तर मयताला दोष लागत नाही. पंखवाल्यांच्या पंचांनी मास्तरांसाठी खड्डा काढायला सांगितला आहे, असे वहिनी म्हणाल्या. त्यांनी माझ्याकडे काही मागितले नाही. थोडा वेळ स्टुलावर बसल्या. जाताना म्हणाल्या, "भाऊजी, तुम्ही जेवलात का?" मी हो म्हणालो.

दगा देऊन पिसे कापण्याला दहा वर्षे शिक्षा आहे, हे साहेबांनी मला दोनदा सांगितले. पाणी दिले आणि विचार करायला बाहेर बाकावर बसवले. मी तेवढा वेळ बसलो.

वारा सध्या दुपारी एकपर्यंत चांगला असतो, मग पडतो. तरी या जबाबाची नक्कल पंचांना त्याआधी पोचावी, अशी माझी विनंती आहे.

साहेबांनी सगळा मजकूर मला मोठ्याने वाचून दाखवला. त्यात 'मास्तरांना न कळता' हे शब्द लिहायचे राहिले होते, ते मी घालून घेतले. आता तो मी सांगितला तसाच आहे.