टर्कीचा पाय

लालबागच्या जनावरांच्या दवाखान्यात तृप्ती मांजर घेऊन बसली होती. शेजारी जैनाबाद गावचे कौतिकबाबा बसले होते. त्यांच्या मांडीवर भलाथोरला टर्की कोंबडा होता, पण दोरी नव्हती की टोपली नव्हती.

“बाबा, हा पळत नाही?”

“कशाला पळंल? पिल्लू होता तवापासून रोज खाली बसून हातावर दाणे देतो. आधी दाणे, मग छातीखाली हात, मग मांडी. मागं धावायचं नाही, पाय धरून उचलायचं नाही. एक डाव डरला की महिनाभर जवळ येत नाही.”

“आणि पायाला काय झालं?”

“तळव्याला गाठ आहे. हात फिरवताना लागली. सहा साल झाले माझे डोळे जाऊन, आता बोटांनीच पाहतो.”

तेवढ्यात डॉक्टर मदतनिसांना घेऊन बाहेर आले आणि त्यांनी टर्कीचा पाय पाहिला.

“बधिर करायची सुई देऊन गाठ कापावी लागेल. चौघं जण धरा रे याला!”

“कोणी नको साहेब. फक्त गप राहा. दे राजा, पाय दे.”

टर्कीनं दुखरा पाय बाबांच्या तळहातावर ठेवला. सुई टोचली, गाठ कापली, पट्टी बांधली.

“झालं बाबा, सोडा आता त्याला.”

“मी धरलंय कुठं, साहेब?”