नानांची मोकळी दुपार

काकू, नानांच्या घरातली सगळी मंडळी, कंपनीतले माझे सहकारी, आणि आपल्या कंपनीसाठी रानात बियाण्याचे प्लॉट घेणारे, गावोगावहून आलेले शेतकरी. मला बोलायला उभं केलंय. उभा राहिलोय, पण काय बोलावं ते सुचत नाही. नाना जाऊन आठवडा होत आला. मला अजून रडू आलेलं नाही. सगळं नुसतं बधिर झालंय. लोक येतात, हात हातात घेतात, मी मान हलवतो. बस्स.

बाहेरगावच्या पाहुण्यांसाठी सांगतो. जुन्या जालन्यात एका दुकानाच्या मागच्या खोलीत नानांनी ही बियाण्याची कंपनी सुरू केली. शेवटपर्यंत तेच तिचे मॅनेजिंग डायरेक्टर. मी तीर्थपुरीचा. त्यांच्या हाताखालीच शिकलो, उत्पादनाचं काम बघतो. आता संचालकांनी त्यांची जागा मला दिलीय. सोमवारपासून त्या खुर्चीत बसायचंय. नानांच्या खुर्चीत. हे बोलतानाही ते दुसऱ्याच कोणाबद्दल आहे असं वाटतं.

नानांचा दिवस तुम्हाला माहीत आहे. सकाळी माणूस भलता कडक. विक्री, गोदाम, बँक, सगळा आढावा जेवणाच्या आत. तोही उभ्यानं. आढाव्याच्या खोलीत खुर्च्याच नव्हत्या. कोणी पाल्हाळ लावलं की म्हणायचे, "मुद्द्यावर ये बाबा, जल्दी." आणि जेवण झालं की त्यांच्या केबिनचं दार उघडं. आमचे शिपाई भीमरावमामा बियाण्याची एक भरलेली पिशवी दाराला लावून ठेवायचे, वाऱ्यानं बंद होऊ नये म्हणून. पिशवी दाराशी दिसली की कोणीही आत जायचं. कशासाठी आलास, असं कोणी विचारायचं नाही.

पुण्याहून एक सल्लागार आले होते. हुशार माणूस. त्यांनी नानांना समजावलं, की एवढ्या मोठ्या कंपनीच्या प्रमुखाची अख्खी दुपार अशी मोकळी राहणं बरोबर नाही, तिथं कामाच्या मिटिंगा बसवता येतील. नानांनी सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाले, "सकाळी मी तेच विचारतो जे मला ठाऊक हाय. जे ठाऊक न्हाई ते विचारू कसं? ते दुपारी आपल्या पायानं चालत येतं."

आणि ते यायचं कसं? नानांची एक सवय होती. समोरच्याचं बोलून झालं की ते लगेच उत्तर द्यायचे नाहीत. नुसते बसायचे. मोबाईलकडं बघायचे नाहीत, कागद चाळायचे नाहीत. समोरचा चुळबुळ करायचा. आणि मग खरी गोष्ट बाहेर पडायची.

एकदा आपल्यातलाच एक जण रजा मागायला गेला. तो आज इथं बसलाय, नाव घेत नाही, सांगू का असं विचारून घेतलंय. मी काही कामानं तिथंच होतो. रजेचं बोलून झालं. नाना गप्प. तो उठेना. नाना गप्पच. मग तो म्हणाला, "नाना, बियाण्याचा एक लॉट मी उगवण न तपासताच पुढं सोडला. टार्गेट पुरं करायचं होतं. माल दुकानात गेलाय."

मला वाटलं, संपला हा. नाना उठले. मग म्हणाले, "टार्गेट मीच दिल्तं ना? चल, गाडी काढ." इथल्या मस्तगड भागातल्या दुकानापासून सुरुवात करून दोघांनी स्वतः तो माल परत आणला. पेरणी तोंडावर होती. मंडळी, ती दुपार मिटिंगांनी भरगच्च असती, तर ते बी कोणाच्या रानात गेलं असतं?

आता परवाचं सांगतो. अंत्यविधीनंतर ऑफिस उघडलं. जेवणानंतर भीमरावमामांनी पिशवी उचलली आणि दाराशी लावली. हाताची सवय. आत नाना नाहीत हे त्यांच्या ध्यानातच आलं नाही. आणि दार उघडं दिसलं तशी माणसं आली. येऊन बाहेरच्या बाकावर बसली. त्यांच्याही ध्यानात आलं नाही. मी शेजारच्या खोलीत होतो, सोमवारपासूनचं माझं वेळापत्रक ठरत होतं. सगळ्या दुपारी भरल्या होत्या. बाहेर येऊन बघतो तर बाक भरलेला. आत नाना नाहीत हे तोवर सगळ्यांना कळलं होतं, कोणी कोणाकडं बघत नव्हतं. ते बघूनही मला काही झालं नाही. नुसता उभा राहिलो.

बी निवडणाऱ्या शांताबाई पुढं होत्या. त्यांना पाळी बदलून हवी होती, सुनेचं बाळंतपण जवळ आलंय. मी म्हणालो, बघतो, होऊन जाईल. आणि वळलो. त्या म्हणाल्या, "साहेब, थांबा की. मेन तर राह्यलंच."

मी थांबलो. गप्प राहिलो, कारण बोलायला काही नव्हतंच. तेव्हा त्या म्हणाल्या, "हे दार आता उघडं राहनार का न्हाई?"

त्याचं उत्तर आज देतो. शांताबाई, तुम्ही तिकडं मागं बसल्या आहात, मला दिसताय. नानांसारखं मला जमेल असं मी म्हणत नाही. सकाळचं मी शिकलोय, दुपारचं शिकलेलो नाही. पण ऑफिसच्या लोकांना सगळ्यांसमोर सांगतो, जेवणानंतर माझ्याकडं कोणी मिटिंग लावू नका. लावली असेल ती काढा. भीमरावमामा, पिशवी तिथंच राहू द्या.

माझं बोलणं झालं. नाना असते तर आता ते काहीच म्हणाले नसते. माझ्याकडं बघत नुसते बसले असते. तेवढा वेळ आपण सगळे उभे राहू या, गप्प. ज्याचं कोणाचं मेन राहिलं असेल, त्यानं ते या वेळात नानांना सांगावं.