खुर्च्या लावणारा माणूस

वडील : पाणी नको, डॉक्टर. तुमचं ते वाक्य तेवढं परत म्हणून दाखवा.

डॉक्टर : कुठलं हो?

वडील : "ज्याला रडू येत नाही, त्याला आधीच सगळं माहीत असतं." माझ्या पोरीच्या खुनावर माहितीपट काढला, त्यातलं. आवाज तुमचा, आणि चित्रात मी अंगणात खुर्च्या लावतोय.

डॉक्टर : ते तुम्ही? अहो, देवाशपथ, ते तुमच्याबद्दल नव्हतंच! मला ती केससुद्धा ठाऊक नव्हती. ही मंडळी एका बैठकीत दहा-बारा वाक्यं बोलून घेतात, कुणाचं नाव न घेता. मग ज्या भागात जागा रिकामी दिसेल तिथे चिकटवतात.

वडील : आणि तुम्ही बोलता.

डॉक्टर : आधी म्हणालो होतो, काही माणसांच्या बाबतीत असं असू शकतं. दिग्दर्शक म्हणाला, डॉक्टर, फार पाणी घालताय. मग म्हटलं छातीठोकपणे. तीस वर्षं मनोरुग्ण तपासले, कुत्रं विचारत नव्हतं. आता दुकानात लोक वळून बघतात. चटक लागली, दुसरं काय!

वडील : माणसं भेटायला येत होती, बसायला जागा नाही. कुणीतरी खुर्च्या लावायला नकोत? त्यात रडायचं राहूनच गेलं. खुनी तर अजून सापडलेला नाही.

डॉक्टर : मी लेखी माफी मागतो. छापून आणतो.

वडील : लोकांचं सोडा हो. हिने तो भाग अकरा वेळा पाहिलाय. सव्वीस वर्षांचा संसार, आणि आता आतून कडी लावून झोपते. काल माझं ताट पायाने सरकवलं. ते वाक्य माझ्याबद्दल नव्हतं, एवढं तिला सांगा. फोन लावलाय, घ्या.

(फोनचा स्पीकर चालू आहे.)

डॉक्टर : ताई, मी त्या माहितीपटातला डॉक्टर बोलतोय.

आई : आवाज ओळखला.

डॉक्टर : मी म्हणालो ते साफ चुकीचं होतं. धक्का बसला की माणूस थिजतो, रडत नाही. नेहमी होतं असं.

आई : म्हणजे यांना आधी काहीच माहीत नव्हतं?

डॉक्टर : ते... ते मी कसं सांगणार? मी यांना आज पहिल्यांदा बघतोय. नुसतं बघून कुणालाच नाही सांगता येत.

वडील : अहो, नव्हतं म्हणा ना! एवढंच म्हणा.

डॉक्टर : ताई, मला वाटतं, बहुतेक यांचा काही...

आई : राहू द्या. टीव्हीवर तुम्ही असे चाचरत नव्हता.

डॉक्टर : हॅलो? ताई? ठेवला वाटतं. थांबा, मी परत लावतो, नीट समजावतो त्यांना.

वडील : नको. तुम्हालाही खात्री नाही, एवढं कळलं तिला.