आमच्या घरच्या बायका काम करत न्हाईत

माझं नाव हाजरा. जन्म भिवंडीचाच, खाडीच्या बाजूचा. बाप होडीतून गवताचे भारे मुंबईला पोचवायचा, पुढे ट्रक आले आणि होडी चिखलात बसली ती बसलीच, मग बापही तिच्यासारखाच घरात बसला. आम्ही कोकणी मुसलमान, घरात बोलणं हे असं, बाहेर यूपीवाल्या कारीगरांची हिंदी, मला दोन्ही येतं, पण दोन्हीत मला कधी कोणी विचारलं न्हाय की बाई तू करतेस काय. एकदाच विचारलं. तेच सांगायला बसले हाय, पण आधीचं सांगितल्याशिवाय ते कळायचं न्हाय.

पंधराव्या वर्षी लग्न झालं, नवरा लूमवर कारीगर, बारा तासांची शिफ्ट. लूमवर आडवा धागा घेऊन पळणाऱ्या धोट्यात सुताची कांडी बसते, ती संपली की दुसरी लागते, आणि ती कांडी काय आभाळातून पडत न्हाय, ती आम्ही बायका घरी रहाटावर, चरख्यासारखं चाक हाताने फिरवून भरायचो. लूमवाल्या शेठचा माणूस सकाळी सूत टाकून जायचा, संध्याकाळी भरलेल्या कांड्या उचलून न्यायचा. भाकरी भाजायची, कांडी भरायची, पोराला पाजायचं, कांडी भरायची. पण ह्याला काम म्हणायचं न्हाय, असा आमच्यात रिवाज. सासू म्हणायची, हात रिकामा नको म्हणून फिरवतात रहाट. नवरा चार लोकांत सांगायचा, आमच्या घरच्या बायका काम करत न्हाईत. आणि काय सांगू तुम्हाला, मला ते ऐकून बरं वाटायचं. बोटांना सुताने चिरा पडलेल्या, तरी आपण इज्जतदार.

भिंतीपलीकडे हलीमा राहायची. नवरा टीबीने गेलेला, एक मुलगी रुकैया, आणि रहाट. तिचं सगळं घर त्या रहाटावर चालायचं. हात असा की कारीगर कांडी उचलून सांगायचे, ही हलीमाभाभीची, हिचा धागा तुटायचा न्हाय. दुपारी माझा रहाट थांबला की ती भिंतीवर थाप मारायची, मेलीस काय गं? मी म्हणायची, मरायला सुट्टी कोण देतंय.

मग दंगल झाली. तिचं मी सांगत न्हाय, ते सांगणारे पुष्कळ हाईत. काही लूम जळाले, वाचले ते बंद पडले, कारीगर गावाला पळाले, आमचे ह्ये ओट्यावर बसून बिड्या ओढायला लागले. शेठचा माणूस सूत टाकायला येईना. रहाट गप, भिंत पण गप.

पुढे बंद पडलेलं चालू करायचं ठरलं. मैदानात मंडप घातला, कोणी मोठे साहेब आले, बेकारीवर दीड तास बोलले, आम्ही उन्हात उभे. त्या दिवशी अख्ख्या भिवंडीत हारवाल्याला तेवढं काम मिळालं. साहेब म्हणाले, विजेवर कांड्या भरायची शेड निघणार, आणि पहिला हक्क घरी कांड्या भरणाऱ्या बायकांचा.

आठवड्याने कारकून वही घेऊन गल्लीत आला. हलीमा त्या दिवशी भावाकडे अंबाडी गावाला गेलेली, चार पायली तांदूळ मिळतो का बघायला. दारात माझा नवरा, त्याच्या मागे गल्लीतले पुरुष, मी पडद्याआड. कारकुनाने विचारलं, बाई काय काम करतात? नवऱ्याने आपलं नेहमीचं सांगितलं. कारकून म्हणाला, बाईंनाच बोलू दे. मी म्हणाले, मी घरीच असते. खोटं न्हाय वाटलं मला ते. मग त्याने हलीमाच्या कुलपाकडे बोट केलं, आणि ह्या घरची बाई? सगळे पुरुष ऐकत उभे. विधवा बाई, एकटी, काम करते म्हटलं की लोकांच्या डोक्यात काय काय येतं ते मला माहीत. मला वाटलं हा नुसती घरं मोजतोय, शेडची नावं शेठच देईल. मी पडद्यातून म्हणाले,

ती पण अब्रूदार बाई हाय. ती काम करत न्हाय.

त्याने रेघ मारली आणि पुढच्या दारात गेला.

शेडची नावं त्याच वहीतून निघाली. खेड्यावरच्या बायका, ज्यांनी छाती ठोकून सांगितलं होतं की आम्ही कांड्या भरतो, त्या लागल्या. चांगलं झालं त्यांचं. हलीमा कचेरीत विचारायला गेली तर म्हणाले, तुमच्या घरच्यांनीच सांगितलं तुम्ही काम करत न्हाय. ती परत आली ती हसत, माझ्या चुलीपाशी बसली आणि म्हणाली, हाजरा, माझ्या घरात हाय कोण गं, भिंती बोलल्या असतील. मी पीठ मळत होते. मी मळतच राहिले.

शेड चालू झाली तसं घरी सूत येणं कायमचं सुटलं. हलीमाने लोकांची भांडी घासली, मग खोकला लागला, मग भावाने अंबाडीला नेली. सांगून टाकायचं म्हणून मी एकदा एसटीने गेले. ती खाटेवर. माझा हात धरून म्हणाली, तुझी बोटं किती मऊ झाली गं. मी तशीच परत आले. पंधरा दिवसांत ती गेली.

आता नवऱ्याला आठवड्यातून तीन दिवस ड्युटी मिळते, चार दिवस ओटा. अजून तो लोकांना सांगतो, आमच्या घरच्या बायका काम करत न्हाईत. इतक्या वर्षांनी ते खरं झालं हाय. हलीमाच्या खोलीत शिंपी राहतो. दुपारी भिंतीतून रहाट ऐकू येतो म्हणून मी त्याच्या बायकोला विचारलं, ती म्हणाली, आमच्याकडे रहाट न्हाय, खाला. मग मी विचारायचं सोडलं.

रुकैयाचं लग्न झालं, ती मागच्याच गल्लीत. दर जुम्म्याला तांदळाच्या भाकऱ्या घेऊन येते. म्हणते, अम्मी सांगायची, अख्ख्या गल्लीत आपलं एकच माणूस, हाजराखाला. मग समोर बसते, मी खाईपर्यंत उठत न्हाय. मी खाते. पोरीच्या डोक्यावर हात ठेवते, दुवा देते, अल्ला तुझं घर भरलेलं ठेवो. ती दुवा मनापासून हाय. बाकीचं तिला सांगेन एखाद्या जुम्म्याला, असं म्हणत म्हणत तिला दोन पोरं झाली.