भाऊबीजेसाठी मोडलेला हुकूम

नाही काका, दोष बाळकाकांचाच — ते बघा, पाण्याच्या मशीनपाशी माझ्या बाबांच्या पाठीवर थापा मारतायत ना, तेच. सख्खे नाहीत हो. मंडळाचे माजी अध्यक्ष. जर्सी सिटीतली निम्मी मराठी भांडणं आपणच मिटवली असं सांगत फिरतात. — आमचं? आमचं संपलं. बाबांनी आईवर कंटेम्प्ट टाकला होता, कोर्टाचा हुकूम मोडला म्हणून, तो आत्ता मागे घेतला. दोन मिनिटं लागली. बसा, तुमचा नंबर लागायला वेळ आहे.

हुकूम काय, तर आईबाबांच्या घटस्फोटातला — माझी बहीण आश्लेषा, नऊ वर्षांची, तिचे शनिवार-रविवार बाबांकडे. गेल्या नोव्हेंबरात भाऊबीज आली रविवारी — आता अमेरिकन वकिलाला भाऊबीज कुठून ठाऊक, कागदात थँक्सगिव्हिंग होतं, ख्रिसमस होता, दिवाळी नव्हतीच, आणि ती घालून घ्यायची अक्कल आमच्या दोन्ही एम.टेक. पालकांना नाही! आईनं फोन करून एक दिवस मागायचा — नाही मागितला. बाबांनी आपणहून सोडायचा — नाही सोडला. शनिवारी सकाळी ते दारात बेल वाजवतायत, आणि आत आम्ही तिघं ब्लाइंड्स लावून जमिनीवर बसलोय. हो, मीपण, वीस वर्षांचा घोडा. आश्लेषानं स्वतःच स्वतःच्या तोंडावर हात दाबून धरला होता. दुसऱ्या दिवशी ओवाळलं तिनं मला. निरांजनानं स्मोक अलार्म वाजला — हसलो आम्ही. खूप हसलो.

मग बाबांचा अर्ज. आई म्हणाली, आश्लेषाला ताप होता अशी साक्ष कोर्टाला लिहून दे. बाळकाका म्हणाले, "अरे, खरं तेच लिही. आईला कोण जेलमध्ये टाकतंय? जरा धाक बसेल, ताळ्यावर येईल." मी खरं लिहिलं. कॉलेज सोडलेलं, निदान एक काम तरी नीट करावं म्हणून — बेल, ब्लाइंड्स, तोंडावरचा हात, सगळं. ते वाचून आईचा वकील तिला म्हणाला, आता मिळेल ते घ्या. घेतलं. बाळकाकांच्या डायनिंग टेबलवर, श्रीखंड-पुरी खाऊन. बाबांची नवी नोकरी अल्फारेटाला, पार जॉर्जियात — आश्लेषा शाळेला तिकडे, आईकडे फक्त उन्हाळ्यात. बदल्यात अर्ज मागे. मला विचारलं? कशाला विचारतील! मी अठराच्या वरचा, हुकुमात माझं नावच नाही. मघाशी बाबांच्या वकिलाला म्हटलं, अर्ज मागे घेतलात, मग माझा कागदही परत द्या. म्हणाला, तो फायलीतच राहतो.

— छे छे, रडत नाहीये. काही वाटतच नाही, खरंच. सकाळी पार्किंगमध्ये आश्लेषा भेटली. "यू टोल्ड देम," म्हणाली, आणि बाबांच्या गाडीत जाऊन बसली.

जा तुम्ही, तुमचं नाव पुकारतायत. — अहो जा ना!

यंदा भाऊबीज ऑक्टोबरात आहे. मला कोणी ओवाळणार नाही.