माफी मागेल तरच

डहाणूला जाणारी जीप कासा नाक्यावर प्रवासी भरायला थांबली होती. मागच्या बाकावर बसलेल्या हिरीच्या समोरच नविन आणि त्याची बहीण निलम यांची जुंपली होती. नविन घरच्या घरी पॉडकास्ट करायचा. मालिकांतल्या नटनट्यांना बोलावून त्यांच्या मुलाखती घ्यायचा.

“मागच्या वेळी आईला खोलीत सोडलंसच कशाला?”

“चहा द्यायला आली होती, दादा!”

“मी त्या नटाला अभिनयाबद्दल विचारतोय, आणि आई मधेच म्हणते, ‘गरीब बायकोच्या थोबाडीत का मारलीस रे?’”

“लोकांना तेवढंच तर आवडलं.”

“म्हणून तर पंचाईत! आता सोमवारी बोलावलेली ती सासूचं काम करणारी बाई म्हणते, तुमच्या आई प्रश्न विचारणार असतील तरच येते.”

“मग विचारू दे की आईला.”

“आई ऐकतेय कुठे? सुनेच्या दुधात विष कालवणारी बाई माझ्या उंबऱ्याच्या आत नको, म्हणते.”

“अरे, ती नटी आहे, असं सांगायचं.”

“सांगितलं. म्हणाली, आधी माफी मागेल तरच चहा ठेवीन.”

हिरीला आता राहवेना. ती पुढे वाकली.

“पोरा, ती सून वाचते का, तेवढं विचारशील तिला? आमच्याकडे नेमकी तेव्हाच लाईट गेली.”

नविनने कपाळाला हात लावला. निलम मात्र सरकून हिरीजवळ बसली.

“मावशी, सोमवारी आमच्या घरी याल? तुम्हीच विचारा तिला.”

“येईन की. पण त्या बाईच्या शेजारी मला बसवू नका.”