हिरूसुईणीचा काळा दोरा

मंडळी, ऐका! आपल्याकडं एक म्हण आहे. पुढच्या रांगेतल्या आजी, तुम्हीच पुरी करा — एका म्यानात...? बरोब्बर! दोन तलवारी राहत नाहीत! बघा, सगळ्यांनी एका सुरात सांगितलंत! अभंगाला मात्र तुमचा आवाज असा निघत नाही!

तर माझा प्रश्न असा. एका म्यानात दोन तलवारी राहत नाहीत, कबूल. मग एका घरात दोन धर्म राहतील का? एकाच घरची लेकरं दोन देवळांत जातील, आणि तरी घर एकच राहील का? घाईनं माना डोलवू नका! तुमच्याच लेकीनं उद्या दारात उभं राहून सांगितलं, "बाबा, मुलगा शोधलाय, नाव पीटर!" — मग बघू मान कुठल्या दिशेला डोलते ते!

हसा, हसा. हसून झालं की गोष्ट ऐका.

वसईच्या बाजूला एक गाव. नाव नाही सांगत. सांगितलं तर सकाळीच फोन यायचा, "बुवा, आमची अब्रू काढलीत!" केळीच्या वाड्या, मोगऱ्याची शेतं, आणि एकाच रस्त्यावर अलीकडं मारुती, पलीकडं चर्च. याची घंटा त्याला ऐकू जाते, त्याची याला. घंटांचं कधी भांडण झालं नाही. भांडणं खालच्या माणसांची!

त्या गावात हिराबाई वर्तक म्हणून एक सुईण. अख्खा गाव तिला हिरूसुईण म्हणायचा. निम्म्या गावाची नाळ तिनं कापलेली! हिंदूंची कापली, ख्रिस्तींची कापली. म्हणायची, "पोर बाहेर येताना धर्म सांगत नाही, नुसतं रडतं." आहाहा! काय बोलली! पण मंडळी, दुसऱ्याच्या घरी बोलायला असली वाक्यं फार सोपी असतात. परीक्षा कधी? आपल्या उंबऱ्यावर आलं की!

आणि आलं! हिराबाईचा एकुलता एक हेमंत. त्याचा जीव जडला कुंपणापलीकडच्या प्रेसिलावर. प्रेसिला कुणाची? कात्रीनबाय तुस्कानोची. आणि कात्रीनबाय कोण? हिराबाईची बालमैत्रीण! एका विहिरीचं पाणी प्यायलेल्या, शाळेत एका बाकावर बसून मार खाल्लेल्या. पण लग्नाचा विषय निघाला आणि दोघींनी कुंपणाकडं पाठ केली. सहा महिने कालवणाची वाटी इकडची तिकडं गेली नाही. शेवटी पोरं ऐकेनात, रजिस्टर लग्नाची तारीख घेऊन आली, तेव्हा दोघी कुंपणाशी आल्या.

कात्रीन म्हणाली, "हिरू, लग्न होऊ दे. पण पोरांचं काय?"

"तेच म्हणते मी. पोरांचं काय?"

पोरांच्या आईबापाला कुणी विचारलं? छे! दोघी आज्यांनीच — अजून आज्या झाल्याही नव्हत्या — करार करून टाकला. पहिलं मूल आईचं: बाप्तिस्मा, चर्च, नाताळ. दुसरं मूल बापाचं: बारसं, देवपूजा, गणपती. कुंपणाच्या काठीवर हात ठेवून शपथ घेतली! अहो, झाडावरचे आंबे वाटून घ्यावेत तशी नातवंडं वाटून घेतली! वर बसलाय तो ऐकत होता. म्हणाला, वाटताय? वाटा! आणि काय झालं?

जुळ्या झाल्या!

दिवस भरायच्या आधीच कळा लागल्या. हेमंत रिक्षा आणायला धावला, पण रिक्षा यायच्या आत पहिली मुलगी हिराबाईच्या हातात! हिराबाईनं काळा दोरा काढला आणि तिच्या डाव्या पायात बांधला. ही पहिली, ही कात्रीनची. दहा मिनिटांत दुसरी आली. हुबेहूब! तेच नाक, तोच जावळाचा झुबका. दोरा नसता तर ब्रह्मदेवानंही डोकं खाजवलं असतं.

प्रेसिलाला ग्लानी आलेली. कात्रीन चुलीपाशी पाणी तापवतेय. खोलीत हिराबाई एकटी. आणि त्या पहिलीनं काय करावं? हिराबाईचं बोट धरलं. घट्ट!

आता, बोट कुठलंही पोर धरतं. शेकडो पोरांनी धरलेलं. सुईणीला हे ठाऊक नाही? ठाऊक आहे! पण ती पोरं दुसऱ्यांची. ही घरची! हिराबाईच्या डोळ्यांतून पाणी आलं. ती पुटपुटली, "ही माझी. ही मी द्यायची नाही." पायातला दोरा सोडला, दुसरीच्या पायात बांधला. झालं! एवढ्याशा वेळाचं काम!

दारात येऊन कात्रीनला म्हणाली, "दोरावाली पहिली. तुझी." हिरूसुईणीचा शब्द! शंका कोण घेणार? कात्रीन गरम पाणी घेऊन आत गेली, आणि हिराबाई हात धुवायला विहिरीवर गेली. हात धुतले... पण मंडळी, धुऊन निघेना. पाण्यानं सगळं जातं का?

दोरावालीचं नाव जेनी ठेवलं. बिनदोऱ्याची जुई.

आठ वर्षं गेली. संध्याकाळी त्या घरात जाऊन बघावं! एका कोनाड्यात क्रूसापुढं मेणबत्ती, शेजारच्या कोनाड्यात देवापुढं निरांजन. जेनी तिची प्रार्थना म्हणते, जुई शुभं करोति म्हणते. जुई अडली की जेनी पुढची ओळ कानात सांगते. जेनी अडली की जुई सांगते. गणपतीत मोदक दोघींना, नाताळात केक दोघींना. हेमंतला काही अडचण नाही, प्रेसिलाला नाही, पोरींना तर नाहीच. अडचण कुणाला? आजीला!

जेनी मेणबत्तीपुढं डोळे मिटून बसली की हिराबाई उठून आत जायची. वाटायचं, या पोरीची जागा मी बदलली. कात्रीनची नात मी चोरली, आणि ही बिचारी तिच्या जागी बसवली. जेनीच्या डोळ्याला डोळा देववत नसे. मग काय करायची? लाडू द्यायची! जुईला एक, तर जेनीला दोन. आपण सगळे हेच करतो. जिथं माया करायला मन कचरतं, तिथं हात लाडवाच्या डब्यात जातो!

आता ख्रिस्ती लोकांत अशी रीत आहे, की मूल आठ-नऊ वर्षांचं झालं की त्याला पहिला ख्रिस्तप्रसाद मिळतो. पांढरा झगा, डोक्यात फुलं, मोठा सोहळा! पण त्याआधी त्या लेकरानं फादरांपुढं बसून स्वतःची पापं सांगायची.

आदल्या दिवशीची दुपार. हिराबाई ओट्यावर केळफूल सोलत बसलेली. जेनी वही-पेन्सिल घेऊन आली.

"आजी, पापं किती लागतात गं?"

"अगो बाय! लागतात कसली?"

"उद्या सकाळी फादरना सांगायचीत. मला दोनच सापडली. एक, जुईचा खोडरबर लपवला. दोन, गणपतीला दाखवायच्या आधी मोदक खाल्ला. माझ्या वर्गातल्या रेमीकडं पाच आहेत!"

ऐकलंत? पाप गणपतीचं, आणि सांगायचं फादरना! आता फादरांनी काय करावं? क्षमा करावी, की मारुतीच्या पुजाऱ्याला निरोप धाडावा?

"आजी, तू एवढी म्हातारी. तुझ्याकडं खूप असतील. एक दे ना!"

हिराबाईचा हात केळफुलातच थांबला. "माझ्याकडं नाहीत गं," ती म्हणाली.

जेनी जवळ सरकली. हळूच म्हणाली, "मग माझंच एखादं तुला माहीत आहे का? तू मला लाडू जास्त देतेस, पण मांडीवर जुईलाच घेतेस. म्हणून मला वाटलं, मी काहीतरी केलं असेल. ते सांग ना, म्हणजे माझी तीन होतील."

पेटीवाले बुवा, पेटी थांबवा जरा.

आठ वर्षांचं लेकरू! स्वतःचं पाप शोधत आलंय, आणि जिनं केलं ती समोर केळफूल सोलतेय! हिराबाई उठली. ना चप्पल, ना डोक्यावर पदर. चीक लागलेल्या हातांनी तशीच कुंपण ओलांडून कात्रीनच्या दारात!

कात्रीन मशीनवर बसलेली, जेनीच्या झग्याला झालर लावत होती. तोंडात टाचण्या.

"कात्रीन, तो झगा थांबव. उद्या चुकीची पोर उभी राहील तुझ्या देवापुढं." आणि सगळं सांगितलं. बोट, दोरा, सगळं! "जुई तुझी आहे गं. पहिली तीच. मी चोर आहे. मला काय बोलायचं ते बोल."

कात्रीन एकेक टाचणी तोंडातून काढून उशीला टोचत बसली. हिराबाईला वाटलं, संपलं. साठ वर्षांची मैत्री गेली, पोरी गेल्या, आता सूनही जाईल.

मग कात्रीन म्हणाली, "हिरू, तू दोरा कधी बदललास? विहिरीवर जायच्या आधी की नंतर?"

"आधी. का गं?"

"अरे देवा!" कात्रीननं कपाळाला हात लावला. "तू विहिरीवर गेल्यावर मी बदलला!"

"काय?"

"दोरावाली गप निजलेली. आणि बिनदोऱ्याची रडत होती, असा खणखणीत आवाज! प्रेसिलाच्या बापाचा, माझ्या इनासचा आवाज गं. तो असाच गायचा चर्चमध्ये, कौलं हलायची. त्याला जाऊन तेव्हा वर्ष झालं नव्हतं. मला राहवलं नाही. दोरा काढला, तिच्या पायात बांधला. दर महिन्याला फादरांपुढं बसते, शेजारणीशी भांडले तेसुद्धा सांगते. हे मात्र आठ वर्षं गिळून बसलेय!"

मंडळी, गोंधळलात? या माझ्या दोन चिपळ्या बघा. पेटीवाले बुवा, तुमचा रुमाल द्या. ही पहिली मुलगी, रुमाल हिला बांधला. हिराबाईनं सोडून दुसरीला बांधला. कात्रीननं सोडून पुन्हा...? पुन्हा पहिलीला! म्हणजे जेनीच पहिली! करार शब्दशः पाळला गेला! कुणी पाळला? दोन चोरांनी मिळून!

कात्रीन हसायला लागली. हसता हसता रडायला लागली. पण हिराबाई हसेना. तिला वेगळंच काही उमगत होतं.

"म्हणजे माझं बोट धरलं ती... जेनी?"

"जेनीच की."

पाहा बरं! बोट धरलं म्हणून जिच्यावर आठ वर्षं जीव टाकला, ती ती नव्हतीच! आणि जिनं धरलं होतं, ती ओट्यावर वही घेऊन बसलीय, आपलं काय चुकलं ते शोधत! मग जुईवरची माया खोटी होती का? नाही हो! तीही सोळा आणे खरी! मायेनं कधी दोरा बघितलाच नव्हता. दोरा बघत होती ती हिराबाई!

ती परत आली. जेनी तिथंच होती.

"आजी, सापडलं पाप?"

"सापडलं बाय. पण ते तुझं नाही, माझं आहे. तुझं काही चुकलं नाही. तुला मांडीवर घेतलं नाही, ते माझं पाप. तुलाच सांगते."

जेनी वही मिटून, फादरांसारखी ताठ बसून म्हणाली, "कबुली झाली की प्रायश्चित्त द्यावं लागतं."

"दे."

"रोज मांडीवर घ्यायचं. मी मोठी झाले तरी!"

आणि दारातून आवाज आला, "आणि मी?" जुई! तिला काय, तिला वाटलं आपली जागा गेली!

हिराबाई ओट्यावर मांडी घालून बसली. एका मांडीवर एकीला ओढलं, दुसऱ्या मांडीवर दुसरीला. "देवानं मांड्या दोन दिल्यात गं. मला मेलीला आठ वर्षं एकच दिसत होती!" आणि जेनीनं हात पुढं केला, आणि आजीचं तेच बोट धरलं.

म्हणा माझ्याबरोबर, मीच जुळवलंय, नावं ठेवू नका —

एकीला झोका, दुजीला थाप ।
मायेला कुणी लाविलं माप? ॥

संध्याकाळी दोघी आज्या कुंपणाशी गेल्या. हेमंत-प्रेसिलाला बोलावलं, चोरी कबूल केली. शपथेची ती काठी उपटून चुलीत घातली. ठरलं असं, की दोघी पोरी दोन्हीकडं शिकतील, आणि मोठ्या झाल्या की त्यांचं त्या ठरवतील. दुसऱ्या दिवशी जेनीनं दोनच पापं सांगितली, आणि पांढऱ्या झग्यात उभी राहून असं गायली, असं गायली की कात्रीननं वर कौलांकडं बघितलं. पहिल्या बाकावर नऊवारी नेसून हिराबाई बसलेली, मांडीवर जुई.

आता माझा प्रश्न आठवा. एका म्यानात दोन तलवारी? नाही राहत, कबूल! पण लेकरं तलवारी आहेत, हे तुम्हाला कुणी सांगितलं? म्यान तलवारीला लागतं. लेकराला मांडी लागते!

लोकांच्या घरचं ऐकून पुष्कळ हसलात. आता आपापल्या घरी जा. कुणाची सून दुसऱ्या जातीची असेल, कुणाचा जावई दुसऱ्या धर्माचा. कुणाचं असं एखादं नातवंड असेल, ज्याला तुम्ही खाऊ जास्त देता आणि जवळ कमी घेता. आहे की नाही? मान खाली घालणारे दिसताहेत मला इथून! ते लेकरू आत्ता कुठंतरी बसलंय, आपलं काय चुकलं ते शोधत. आरती होईल, प्रसाद मिळेल, सगळं होईल. पण घरी गेलात की लाडवाच्या डब्याकडं हात नेऊ नका. आधी खाली बसा. मांडी घाला. आणि त्याला हाक मारा!